वेरेना नावाची मेणबत्ती

आधी विझली कॅरोलीन. मग नूर. थाळीत तीन मेणबत्त्या होत्या, तीन नावांच्या. शेवटपर्यंत जी जळेल ते नाव मुलीचं. आता एकटी वेरेना जळत होती आणि बायकांनी घर डोक्यावर घेतलं होतं. मधोमध, रिवाजाप्रमाणे मोठ्या चाळणीत ठेवलेली सात दिवसांची मुलगी या गोंगाटात गाढ झोपली होती.

"ठरलं एकदाचं," खाटेवरून मुलीची आई हिलाना म्हणाली.

मुलीच्या बापानं, विस्सानं, वाकून ती मेणबत्ती फुंकली. "काही ठरलेलं नाही. उद्या जन्माच्या कागदावर नूर लागेल."

"हरलास तर मतपेटीच पळवतोस होय रे!" त्याची बहीण माग्दा ओरडली. सगळ्या हसल्या. विस्सा हसला नाही.

"नूर म्हणजे उजेड. कुठल्याही दारात चालतो. वेरेना म्हटलं की चर्चची घंटा वाजलीच."

"किती चांगलं नाव आहे ते," हिलाना म्हणाली. "वेरेना म्हणजे चांगलं फळ. आपल्या इजिप्तची, कूसकडची मुलगी. सैन्याबरोबर पार बर्फाच्या देशात गेली. सैन्य कापलं गेलं, ती तिथंच राहिली. रोग्यांची डोकी धुतली, पोरांचे केस विंचरले. तिच्या चित्रात अजून हातात फणी आणि घागर असते."

"फणीनं नोकरी मिळत नाही."

त्याला कारण होतं. एकोणिसाव्या वर्षी मिन्या शहरात फुटबॉल संघाच्या निवड चाचणीला त्यानं गोलपोस्टमध्ये उभं राहून तीन पेनल्टी अडवल्या होत्या. प्रशिक्षकानं पाठ थोपटली, वही उघडली आणि नाव विचारलं. विस्सा तादरोस, उघड ख्रिस्ती नाव. पेन थांबलं. पुढच्या वर्षी बघू, प्रशिक्षक म्हणाला. पुढच्या वर्षीही तेच म्हणाला. आता विस्सा मल्लावीच्या शाळेत गणित शिकवत होता आणि त्याची तक्रार नव्हती. पण आपल्या मुलीच्या नावापाशी कुणाचं पेन थांबायला नको होतं.

"तुम्ही माझ्या कपाळावर क्रूस काढून मला मैदानात सोडलंत," तो आईकडे बघून म्हणाला.

त्याची आई तफीदा पाहुण्यांना भाजलेले चणे वाटत होती. तिनं पुढच्या ओंजळीत चणे घातले.

सकाळी तो बूट घालत होता तेव्हा ती समोर येऊन बसली.

"माझ्या नावावरून मी कुठल्या घरची ते कळतं का रे?"

"तफीदा? नाही. बरंच आहे की."

"माझ्या बापानं ठरवून ठेवलं तसं. माझं तफीदा आणि समीहाचं समीहा. आपल्या सगळ्यांसारखा हातावर क्रूससुद्धा गोंदवू दिला नाही आम्हाला."

"समीहा कोण?"

"माझी धाकटी बहीण."

विस्सा तेहतीस वर्षांचा होता. आईला बहीण होती हे त्यानं आज पहिल्यांदा ऐकलं.

"सत्तेचाळीस साली कॉलरा आला," तफीदा म्हणाली. "मी दहाची, ती सहाची. आईबाबा दोघंही घरात ओकत पडलेले. सरकारी लॉरी आली आणि सगळ्यांत खंगलेल्या समीहाला तंबूंतल्या दवाखान्यात घेऊन निघाली. लॉरीवरच्या माणसानं मला विचारलं, नाव काय हिचं? मी सांगितलं, समीहा इब्राहीम. आणखी काही? तो म्हणाला. आणखी काही नाही, मी म्हटलं. बाहेरच्याला जास्त सांगायचं नाही, असं बाबांनी शिकवलं होतं."

विस्साच्या हातात बुटाची नाडी तशीच राहिली.

"बाबा उठून चालायला लागले आणि तंबूंकडे गेले, त्याला नऊ दिवस लागले. तोवर सगळं उरकलं होतं. तिथल्या मुसलमान शेखनं तिला न्हाऊ घातलं होतं, कफनात गुंडाळलं होतं, आपल्या लेकरासारखी प्रार्थना म्हटली होती. भला माणूस. बाबांच्या गळ्यात पडून रडला. म्हणाला, मला कळलं असतं तर तुमच्या पाद्र्यांना, अबूनांना बोलावलं असतं, पण ती कुठल्या घरची ते नाव बोललंच नाही. पोरं शेजारी शेजारी पुरलेली. कुठली आपली, कुणाला ठाऊक. माझ्या आईनं तर शेवटपर्यंत मानलं नाही ती गेली म्हणून."

"मला कधी सांगितलं नाहीस."

"काय सांगू? विचारलं मलाच होतं."

ती उठली आणि कालच्या थाळ्या घासायला घेऊन गेली. नाव कुठलं लावायचं, ते तिनं सांगितलं नाही.

आरोग्य कार्यालयात रांग लहान होती. विस्सानं फॉर्म घरूनच भरून आणला होता. कारकुनानं तो घेतला. "नूर. वा, छान."

"जरा परत देता?"

"काय झालं, चुकलं?"

"हो. नवा फॉर्म द्या."

त्यानं तो उभ्यानंच भरला. कारकुनानं कागद डोळ्यांजवळ नेला. पेन हातात घेऊन तो क्षणभर थांबला, आणि विस्सा त्या थांबलेल्या पेनाकडे बघत उभा राहिला. मग कारकुनानं लिहायला सुरुवात केली.

दुपारी विस्सा परतला तेव्हा तफीदा स्वयंपाकघरात मसूर निवडत होती. तिला वाचता येत नव्हतं. त्यानं दाखला तिच्यापुढे धरला आणि एका ओळीवर बोट ठेवलं.

"वेरेना विस्सा तादरोस."

तिनं हात झग्याला पुसून त्या ओळीवरून बोट फिरवलं. दोनदा. मग दाखला घडी न घालता त्याच्या हातात दिला.

"पेन आहे ना खिशात?" ती म्हणाली. "मग एक चिठ्ठी लिहून दे. रविवारी चर्चमध्ये अबूना गेलेल्यांची नावं वाचतात ना, त्यांत समीहाचं वाचायला सांगते."