सासूचा पार्ट

पाचव्या रविवारीही ती बाई पहिल्याच रांगेत येऊन बसली आणि पडद्याच्या फटीतून पाहणाऱ्या सहदेवने ती घाईने मिटून घेतली.

नाटक मंडळी अमरावतीहून अकोल्याला येऊन महिना उलटला होता. कापसाच्या जिनातल्या रिकाम्या गोदामात दर रविवारी दुपारी खास बायकांचा खेळ व्हायचा. एकच गोष्ट सहा रविवार पुरवून पुरवून सांगायची, ही मालक खुशालरावांची शक्कल. आज सून घागर घेऊन विहिरीपाशी जाणार, सासू तिच्या मागे निघणार, आणि नेमका तिथेच पडदा पडणार होता. मग बायका आठवडाभर तोच विषय चघळत बसायला मोकळ्या.

त्यातली सासू म्हणजे सहदेव. बारा वर्षं त्याने नायिका केल्या. पुढे गळा जाड झाला, जबडा रुंदावला, आणि हातात सासू तेवढी उरली. ती मात्र त्याने अशी वठवली, की अमरावतीच्या भर बाजारात एका बाईने त्याला चपलेने बडवलं आणि तेल्हाऱ्यात त्याच्यावर वांग्यांचा मारा झाला. खुशालराव खूश होते. मार बसतो म्हणजे पार्ट चालतो, असं त्यांचं शास्त्र. अंग सहदेवचं शेकत होतं, त्यांचं थोडंच!

पण ही बाई निराळी होती. बाकीच्या शिव्या घालायच्या, बोटं मोडायच्या, सुनेसाठी डोळे पुसायच्या. ही डोळ्याचं पातं न हलवता फक्त सहदेवकडे पाहत राहायची. माणिकबाई तिचं नाव, मोर्णेकाठी तिचा भाजीचा मळा आहे, एवढं त्याला चौकशीत कळलं होतं. तिच्या शेजारी सतरा-अठरा वर्षांची एक पोरगी असे, कपाळापर्यंत पदर ओढून, खाली मान घालून बसलेली. पहिल्या रविवारी पोरीच्या कानांत बाळ्या होत्या, पुढे त्या दिसल्या नाहीत. मग ती वाळत गेली. आज तिच्या उजव्या हाताला चिंधी बांधलेली होती.

सहदेवने मनाशी सगळं जुळवलं. सासरी छळलेली लेक आईने माहेरी आणली आहे, आणि तिच्या सासूचा राग ती आता आपल्यावर काढणार. खेळ संपल्यावर त्याने खुशालरावांना निक्षून सांगितलं, की पुढच्या रविवारी त्या बाईला आत सोडलंत तर मी रंगभूमीवर पाय ठेवणार नाही. खुशालरावांनी शांतपणे पान जुळवलं. मग सासू ओमप्रकाश करेल, म्हणाले, तू आपला हिवरखेडला घरी जा.

ओमप्रकाश सुनेचं काम करायचा. त्याला लुगडं नेसायला सहदेवनेच शिकवलं होतं. सासूपुढे पदर कपाळावर, माहेरी आईपुढे तोच पदर खांद्यावर, हेसुद्धा सहदेवनेच त्याच्याकडून घोटून घेतलं होतं. आणि आता तोच पार्ट पळवणार! सहदेवने आपली अट मागे घेतली.

बुधवारी अकराच्या सुमारास मंडळी तालमीला गेली होती. जठारपेठेतल्या बिऱ्हाडात सहदेव एकटाच गालाला साबण फासून बसला होता, तेवढ्यात दारात सावली पडली. माणिकबाई होती. एकटी. डोक्यावर टोपली, टोपलीत सांभाराच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या, जुड्या आणि वर उघडा विळा.

सहदेव मागे सरत भिंतीला टेकला.

"माय, पुरुष माणूस हाय मी," तो म्हणाला. "नाटकात करतो तेवढंच. माह्या मनात काई नाई."

"साबण दिसून राहिला ना मले. तेवढी येडी नाई मी," माणिकबाई म्हणाली.

तिने टोपली उतरवली, विळा बाजूला ठेवला आणि सांभाराच्या दोन जुड्या त्याच्यापुढे सारल्या. सहदेवचा जीव भांड्यात पडला.

ती उंबऱ्यावर बसली आणि सावकाश बोलू लागली. येत्या रविवारी यायला जमेलसं दिसत नाही, म्हणून पुढचं ऐकायला आले, म्हणाली. सून वाचते का, असं तिने विचारलं नाही. सासूवर आळ येतो का, एवढंच विचारलं.

पुढची गोष्ट बाहेर फोडायची नाही, असा मंडळीचा नियम होता. पण ज्या डोळ्यांना सहदेव पाच आठवडे भ्याला, तेच डोळे आता त्याचा शब्दन् शब्द टिपत होते. कलावंताचा जीव, विरघळला. त्याने पंचा पदरासारखा डोक्यावर घेतला आणि सगळा प्रवेश करून दाखवला. ऐन बाराला बैल सुटतात, मोट थांबते, मळ्यात चिटपाखरू नसतं. सून विहिरीवर असते. सासू मागून जाऊन तिला आत लोटते. मग काठावर घागर आडवी टाकते, म्हणजे पाय घसरला असं लोकांना वाटावं. आणि स्वतःच आधी बोंब ठोकते, ऊर बडवते.

"कोनालेच संशय येत नाई?"

"मी रडतोच तसा," सहदेव म्हणाला.

सासू शेवटी पकडली जाते, तेवढं मात्र त्याने सांगितलं नाही. सगळंच आज सांगून टाकलं, तर ही रविवारी वेळ काढून येईल कशाला?

माणिकबाईने घागर कशी ठेवायची ते पुन्हा एकदा विचारून घेतलं. मग उठून विळा टोपलीत टाकला. सहदेवला आता तिच्याबद्दल मायाच वाटायला लागली होती.

"आज लेक नाई आणली संग?" त्याने विचारलं. "हात बरा हाय ना तिचा?"

"लेक कुठची मले," माणिकबाईने उन्हाकडे पाहत टोपली डोक्यावर घेतली. "सून हाय ती माही. विहिरीवर बसवून आली मी तिले. निंगाले पाह्यजे आता, बैल सुटाची वेळ झाली."