बाईंचा हात

"थांबा. माझा हात हलला. परत घेऊ," कॅमेऱ्यामागून बाई म्हणाल्या.

सकाळपासूनची ही पाचवी वेळ. दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. समोर खुर्चीत अप्पा बसले होते, पन्नास वर्षं पडदा गाजवलेले नट. ते हसून म्हणाले, "बाईंचं वय झालं बरं का!" सगळं युनिट खिदळलं. अप्पा बाईंपेक्षा वीस वर्षांनी मोठे होते.

मोजपट्टीला हसू आलं नाही. लेन्सपासून नटाच्या नाकापर्यंतचं अंतर फितीने मोजून फोकस लावायचा, हे तिचं काम. म्हणून हे नाव. अकरा वर्षं ती बाईंच्या हाताखाली होती. कॅमेरा स्टँडवर, स्क्रू तिनेच आवळलेला. तरी हलला? पण कॅमेऱ्याला डोळा लावणारा माणूस एकच, आणि बाद शॉटची प्रिंट कोणी काढत नाही. बाई हलला म्हणाल्या की हलला.

जेवणाच्या सुट्टीत निर्मात्याने तिला बाजूला घेतलं. "आज पॅकअप. उद्यापासून कॅमेरा तू घे. बाईंना सांगितलंय मी."

हात हलतो अशी एकदा बोंब झाली की बाईंना पुन्हा कोण बोलावणार? बावीस वर्षांपूर्वी, पहिल्याच चित्रपटातून निर्माते त्यांना काढायला निघाले होते, तेव्हा अप्पांनी मेकअप पुसायला घेतला होता. ती नाही तर मीही नाही म्हणाले होते. तिथून बाई नाकावर टिच्चून उभ्या राहिल्या.

बाई सामान आवरत होत्या. मोजपट्टीने पुढे केलेला काठोकाठ भरलेला चहा त्यांनी एक थेंब न सांडता घेतला.

"बाई, मी नाही म्हणून सांगते त्यांना."

"वेडी आहेस का? चालून आलंय ते घे. फक्त शॉट चालू असताना कॅमेऱ्यावरून डोळा काढू नकोस. अप्पांकडे बघत राहा."

"ते तर तुम्ही पहिल्या दिवसापासून सांगताय."

"मग ऐक जरा," बाई म्हणाल्या आणि पिशवी उचलून निघाल्या.

अप्पांनी मानही वर केली नाही. मोजपट्टीला त्यांचा भयंकर राग आला. माणूस इतकं कसं विसरू शकतो!

दुसऱ्या दिवशी तोच शॉट. मुलीला घराबाहेर काढणारा बाप. मोजपट्टीने डोळा लावला. अप्पांच्या चेहऱ्याने चौकट भरून गेली. दोन वाक्यं झकास गेली. मग अप्पा थांबले.

"वा, काय पॉज घेतला!" मागे दिग्दर्शक निर्मात्याच्या कानात पुटपुटला.

चौकटीत अप्पांचे ओठ शब्द चाचपत होते. डोळे गर्दीत आईचा हात सुटलेल्या पोरासारखे भिरभिरले, आणि मग त्यांत काहीच उरलं नाही.

मोजपट्टीने श्वास घेतला.

"थांबा," ती म्हणाली. "माझा हात हलला."