मायबोलीचं पान

आयर्लंडमधल्या एका विद्यापीठाच्या इंग्रजी विद्यार्थी-वृत्तपत्रात एक पान आयरिश भाषेत निघायचं. त्याचा अभिमान सगळ्यांना, वाचत मात्र कोणीच नव्हतं. त्या भरवशावर सोरखा नावाच्या विद्यार्थिनीने त्या पानावर लेख ठोकला, ‘आमचे कुलगुरू : बडा घर पोकळ वासा’. वर त्यांचा छान फोटोही छापला.

सोमवारी कुलगुरूंचं बोलावणं आलं. ती आत गेली, तर लेख सोनेरी चौकटीत भिंतीवर लटकत होता.

“आपली भाषा जिवंत ठेवलीस, पोरी,” कुलगुरू गहिवरून म्हणाले.

“सर, तुम्ही वाचलात तो?”

“मला कुठे येतंय गं आयरिश? गावी आईला पाठवला. तिची ती रोजची बोली.”

“मग, काय म्हणाल्या त्या?”

“म्हणाली, माझ्या लेकाला या पोरीनं बरोबर ओळखलंय.”