बिनभिंगाचा डोळा

"एक खोकला आला, तर सगळं संपलं," डॉक्टर म्हणाले.

मंजुळाबाईंनी पदराचं टोक मुठीत घट्ट धरलं. "बारीक आला तर?"

हैदराबादेहून बीडच्या दवाखान्यात आल्यापासून डॉक्टरांना असं कुणी विचारलं नव्हतं. त्यांनी चष्मा पुसला आणि समजावून सांगितलं.

"डोळ्याच्या पुढं एक काच असते, घड्याळावर असते तशी. तिच्या मागं भिंग. भिंगाच्या मागं रस, कच्च्या अंड्यातल्या पांढऱ्यासारखा. तुमच्या मालकांचा मोतीबिंदू काढतो म्हणून त्या फिरत्या सुईवाल्यानं भिंगच आत ढकललं. डावा डोळा तेव्हाच नासला. उजव्याची काच पांढरी पडली. ती काढून मी दुसरी बसवणार. पण मधे भिंग नाही, म्हणजे रस अडवायला काही नाही. खोकला आला की नवी काच निसटेल, रस बाहेर येईल. मग कुणाच्या हाती काही राहणार नाही."

"अन् काच कुनाची, डाक्टरसाब?" मंजुळाबाईंचे दीर बबनराव यांनी विचारलं.

"जिनिंगमधल्या एका मजुराची. लोखंडाची कपची लागून त्याचा डोळा आतून गेलाय. काढावाच लागतोय. पुढची काच मात्र शाबूत आहे, आणि त्यानं ती द्यायला होकार दिलाय."

"म्हंजी दादा आता जिनवाल्याच्या डोळ्यानं बघनार! वैनी, औंदा कापूस चांगला पारखंल बगा."

मंजुळाबाई हसल्या नाहीत. "दिसंल का पन?"

"जमलं, तर जाड चष्म्यानं माणूस ओळखता येईल."

"लांबून?"

"रस्त्याच्या पलीकडून."

त्या खांबाला धरून खाली बसल्या.

"घाबरू नका, बाई."

"घाबरू न्हाई तर काय करू?"

दुसऱ्या दिवशी राधाकिशन पाटलांना आत नेलं. डोळ्यात बधिर करणारे थेंब घातले होते, माणूस जागाच होता. मंजुळाबाई दाराबाहेर बसून होत्या. आतून डॉक्टरांचा आवाज यायचा, "हलू नका, पाटील. श्वास हळू." मधेच तबकात लोखंड वाजायचं. प्रत्येक आवाजाला त्या दाराकडं मान वळवायच्या.

डॉक्टर बाहेर आले. कपाळ ओलं होतं, पण हसत होते. "बसली काच!"

मंजुळाबाईंनी हात जोडले.

ज्याच्यापुढं दिंद्रुड गावाची चावडी गप्प व्हायची, तो माणूस आता दोन्ही डोळ्यांना पट्टी बांधून उताणा पडून होता. डोक्याच्या दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या. तंबाखू बंद, मोठ्यानं बोलणं बंद. उशाशी मंजुळाबाई. ते खाकरले, तरी त्या ताडकन उठायच्या.

"मंजुळे."

"जी."

"चष्मा मिळाला की आधी धारूरला जायचं. विमल बघायची मला."

"बोलू नका."

"मागल्या पोळ्याला बाजारात गेलतो. माझ्या अंगाजवळून गेली म्हनं. मागनं लोकांनी सांगितलं. हात लांब केला असता तरी घावली असती. पन मला काय कळलंच न्हाई."

दवाखान्यातली आया ताराबाई पाणी भरत होती. तिच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. "बापाचा जीव, बाई! धारूरला दिली का लेक?"

"तिकडंच नांदती," मंजुळाबाई म्हणाल्या आणि चादर सारखी करू लागल्या.

दुसऱ्याच्या डोळ्याची काच बसवलेला पाटील बघायला पेठेतून माणसं येऊ लागली. दारातूनच बघायची, च्यक् च्यक् करायची. सगळं नीट चाललं होतं. एका सकाळी डॉक्टरांनी पट्टी उचलून आत पाहिलं आणि ते खुशीत म्हणाले, "अगदी स्वच्छ. उद्या टाके काढू."

त्या दिवशी मंजुळाबाईंनी भाकरीला हात लावला नाही. दुपारी डॉक्टर जेवायला गेले, तशा त्या ताराबाईकडं गेल्या.

"खापरात थोडा इस्तू दे. लई नजरा पडल्यात यांच्यावर. उतरून टाकते."

"डाक्टर कावतील."

"दिष्टीला डाक्टर काय करनार? तुला काय लेकरं न्हाईत?"

ताराबाईला लेकरं होती. तिनं निखारे आणून दिले.

मंजुळाबाईंनी मीठ, मोहरी आणि लाल मिरच्या मुठींत घेतल्या. डोक्यापासून पायापर्यंत ओवाळल्या. "आल्या-गेल्याची, पाप्या-चांडाळाची..." दृष्टीला चार मिरच्या पुरतात. त्यांनी दोन्ही मुठी निखाऱ्यांवर रिकाम्या केल्या आणि खापर खाटेखाली सरकवलं.

आधी ताराबाई नाकाला पदर लावून बाहेर पळाली. मग पाटलांना ठसका लागला. एक, दोन, आणि मग तो थांबेचना. त्यांनी डोळ्यावर हात दाबून किंकाळी फोडली.

धावत आलेल्या डॉक्टरांनी पट्टी उघडली. नवी काच निसटून रस बाहेर आला होता.

"एवढं फोडून सांगितलं होतं तुम्हाला!" ते ओरडले. "तुमच्या अडाणीपणानं डोळा गेला. कायमचा गेला!"

मंजुळाबाई मान खाली घालून उभ्या होत्या. पाटलांनी चाचपत त्यांचा हात धरला. "तिला नका बोलू, डाक्टर. माझ्या भल्यासाठीच केलं तिनं."

तेव्हा मात्र मंजुळाबाईंना असा हुंदका फुटला, की ताराबाईला त्यांना सावरून धरावं लागलं.

परतताना बबनरावांनी तेलगावच्या विहिरीपाशी गाडी सोडली आणि बैल सावलीला नेले. पाटलांचा गाडीत डोळा लागला होता. मंजुळाबाई तांब्या घेऊन विहिरीवर गेल्या. डोणीवर धुळाजी मेंढपाळ मेंढरांना पाणी पाजत होता. त्यांना बघताच त्यानं काठी उचलली आणि मेंढरं हाकायला वळला.

"थांबा, इवाई."

आजवर त्यांनी त्याला व्याही असं कधी म्हटलं नव्हतं. धुळाजी जागीच थबकला.

मंजुळाबाईंनी एकदा गाडीकडं मागं वळून पाहिलं आणि आवाज आणखी खाली आणला. "तुमच्या सटव्याला सांगा, अन् आमच्या विमललाबी सांगा. आता बाजाराला जाताना तोंड झाकायचं काम न्हाई. कुऱ्हाड घिऊन तिला हुडकनाऱ्या बापाला ती आता कदीच दिसायची न्हाई."