दुसरा पट्टा

नवा नियम आल्यापासून प्रयोगशाळेतली निम्मी टेबलं ओस पडली होती. एक पट्टा सशाच्या पायाला, दुसरा सुई टोचणाऱ्याच्या मनगटाला. सशाला जे जे होईल ते माणसालाही जाणवायचं. भल्याभल्यांनी काढता पाय घेतला.

डॉक्टर कर्णिकबाई मात्र लहान मुलांच्या आकडीवरच्या औषधासाठी आज चाळिसाव्यांदा पट्टा बांधून बसल्या होत्या.

ससे सांभाळणाऱ्या गेनूभाऊंनी ससा पोटाशी धरला. बाईंनी सुई टोचली. त्यांच्या कपाळावर घाम फुटला, पण हात तसूभरही हलला नाही. काय छातीची बाई आहे, गेनूभाऊंच्या मनात आलं.

“फार दुखलं का, बाई?”

“दुखणं सोसवतं हो. पण तुम्ही पोटाशी धरलंत की तो अगदी निर्धास्त होतो, गेनूभाऊ. तेही या पट्ट्यातून कळतं, आणि सुईपेक्षा मला तेच जास्त जिव्हारी लागतं.”