मसाजींचं पिस्तूल

नर्मदाबाईंनी पिशवी टेबलावर ठेवली आणि घामेजलेले हात पदराला पुसले. आखाडा बाळापूरच्या ठाण्याची पायरी त्या पहिल्यांदाच चढल्या होत्या. त्यांचे मालक मसाजी जाऊन सव्वा महिना झाला होता. फौजेतून परतल्यावर त्यांनी लायसन काढून घेतलेलं पिस्तूल तेव्हापासून ट्रंकेतच पडून होतं. घरात ते आहे, या नुसत्या विचारानं त्यांची झोप उडाली होती. आज त्या ते जमा करायला आल्या होत्या.

टेबलामागच्या हनुमान शिपायानं पिशवीत डोकावलं. आत फडक्यात बांधलेली दोन गाठोडी होती, मोठ्यात पिस्तूल आणि लहानात गोळ्यांचं मॅगझिन. नर्मदाबाईंनी सांगितलं, की पिस्तूल रिकामंच आहे. मालकांनी जायच्या आठ दिवस आधी स्वतःच्या हातानं मॅगझिन काढून वेगळं बांधलं होतं आणि माझ्यामागं हे ठाण्यात देऊन टाक, म्हणून बजावलं होतं. ते ऐकून हनुमाननं मोठ्या गाठोड्याला हात घातला.

"हात लावू नको," मागून आवाज आला.

ठाण्यातली हत्यारं सांभाळणारे धम्मानंद हवालदार दारात उभे होते. आवाज चढलेला नव्हता, पण हनुमानचा हात जागच्या जागी थांबला. हवालदारांनी पिशवी स्वतः उचलली, मागच्या अंगणात नेली आणि सगळ्यांना आपल्या पाठीमागं उभं केलं. नर्मदाबाईंना ते लागलं. आपण खोटं बोलतोय असं यांना वाटतंय की काय! हवालदारांनी ते ओळखलं.

"मावशी, तुमच्यावर भरवसा न्हाई असं न्हाई. पर हत्यार रिकामं हाय, हे दुसऱ्याच्या तोंडून मानायचं नसतं. उद्या मी सांगितलं तरी तुमी मानू नका."

अंगणात भिंतीला वाळूची पोती रचून ठेवली होती. हवालदारांनी फडकं सोडलं आणि नळीचं तोंड पोत्यांकडंच ठेवून पिस्तूल उचललं. बोट चापापासून लांब, सरळ ताणलेलं. आधी त्यांनी मूठ खालून पाहिली. मॅगझिनची जागा मोकळी होती. हनुमाननं मान हलवली, उगाच वेळ घालवून राहिले, अशी. मग हवालदारांनी नळीवरची सरकती स्लाइड पकडून मागं ओढली.

खट्ट झालं. पितळेची एक गोळी बाहेर उडाली, फरशीवर पडली आणि घरंगळत हनुमानच्या बुटापाशी जाऊन थांबली.

हवालदारांनी स्लाइड आणखी दोनदा ओढली, मग मागंच अडकवून ठेवली, आत नजर टाकली आणि करंगळी घालून चाचपलं. मॅगझिन काढलं तरी नळीत चढलेली गोळी तिथंच राहते, त्यांनी सांगितलं. म्हणून आधी मॅगझिन काढायचं, मग स्लाइड ओढायची, मग डोळ्यानं बघायचं आणि बोटानंही बघायचं.

नर्मदाबाई पायरीवर बसल्या. डोंगरकडा या आपल्या गावाहून येताना काळ्या-पिवळ्या जीपमध्ये बारा माणसं कोंबलेली होती. शेजारणीचं लेकरू वाटभर या पिशवीवर टाचा आपटत होतं. खड्ड्यात जीप आदळली तेव्हा पिशवी खाली पडली होती आणि त्यांनीच ती पायानं बाकाखाली सरकवली होती. हे सगळं त्यांनी हवालदारांना सांगितलं.

"झालं न्हाई ना काई," हवालदार म्हणाले. "न्हाई झालं, मावशी."

हनुमाननं आपण होऊन पाणी आणून दिलं. पिता पिता नर्मदाबाईंना रडू फुटलं. पोटभर रडून झालं आणि छाती हलकी झाली. सव्वा महिन्यात पहिल्यांदा त्यांनी नीट श्वास घेतला.

हनुमान गोळी तळहातावर घेऊन बघत होता. मिलिटरीचा माणूस, आणि एवढी साधी गोष्ट कशी चुकला, असं तो स्वतःशीच पुटपुटला. नर्मदाबाईंनी ते ऐकलं. त्यांना ती दुपार आठवली. मसाजी खाटेवर पिस्तूल मांडीवर घेऊन बसले होते. दार लावून घेतलेलं, खोलीत कुणाला येऊ दिलं नव्हतं. तासाभरानं दार उघडलं तेव्हा अंगातली बंडी घामानं ओली होती. झालं रिकामं, एवढंच बोलले आणि भिंतीकडं तोंड करून झोपले.

त्या उठल्या. "साहेब, मला एकदा वढून बघू द्या."

हवालदारांनी क्षणभर त्यांच्याकडं पाहिलं. मग पिस्तूल पुन्हा तपासलं, अडकवलेली स्लाइड सोडून पुढं जाऊ दिली, नळी पोत्यांकडं धरायला लावली, बोट कुठं ठेवायचं ते दाखवलं आणि त्यांच्या मनगटाखाली आपला हात ठेवून जवळ उभे राहिले.

पहिल्यांदा स्लाइड हललीच नाही. दुसऱ्यांदा अर्ध्यापर्यंत आली आणि सटकन परत गेली. तिसऱ्यांदा नर्मदाबाईंनी कोपर बरगडीशी दाबलं, दातावर दात धरले आणि ती पार मागं आणली. हवालदारांनी अडकवून दिली. नर्मदाबाईंनी वाकून पाहिलं, करंगळी घातली. आत काही नव्हतं.

"त्येंच्या हातात घास धरायचा जोर न्हवता राहिला," त्या हनुमानला म्हणाल्या. मग हातातल्या पिस्तुलाकडं बघत राहिल्या.

"मला नुसतं म्हणले असते, तर म्या वढलं असतं."