पहिला हट्ट

“आई, मी पाणी पिऊ का?”

चेतनाने पीठ मळता मळता मान हलवली. रिना माठाकडे गेली. अर्धा पेला पाणी प्यायली, पेला विसळला आणि पालथा ठेवला.

“पाणी विचारून प्यायचं नसतं बेटा. घर तुझंच आहे.”

“हो आई.”

हे बोलणं रोजचं होतं. रिनाला संस्थेतून दत्तक घेऊन नवापूरच्या या घरी आणून वर्ष होत आलं होतं. आठ वर्षांची पोर, पण आल्यापासून एकदाही रुसली नव्हती. कारल्याची भाजी वाढली तरी तोंड वाकडं न करता खायची. दुकानात नेलं तर हात मागे बांधून उभी राहायची. गल्लीतल्या बाया चेतनाला म्हणायच्या, “कितली गुनी पोर भेटनी तुले! आमना घर येईसन दख पोरेसना दंगा.”

चेतना हसायची. त्या हसण्याचाही तिला आता कंटाळा आला होता.

घरात सगळे आपसात अहिराणी बोलत. रिना लांबच्या जिल्ह्यातून आलेली, म्हणून तिच्याशी मात्र शाळेतल्यासारखी मराठी. सासूबाई धनुबाईसुद्धा तिच्याशी जपून, अडखळत बोलायच्या. जेवायला बसलं की पंक्तीत कोणीतरी साहेब बसल्यासारखं वाटायचं.

मग एक दिवस शाळेतून फोन आला. पोर बाकावर डोकं टेकून बसली होती, अंग तव्यासारखं तापलं होतं. डॉक्टर म्हणाले, ताप आजचा नाही.

“मला सांगितलं का नाहीस?” चेतनाने विचारलं.

“तुला कामं होती ना, आई.”

त्या संध्याकाळी नवरा, योगेंद्र, पोल्ट्रीवरून आला, तर चेतना ओट्यावर नुसती बसून होती.

“काय व्हयनं?”

“मी थकी गऊ,” ती म्हणाली. “पोर रडस नही, चिडस नही, काहीच मांगस नही. मी आई शे का धर्मशाळानी बाई, तेच समजस नही.”

योगेंद्रने बुटांच्या नाड्या सोडल्या. मग म्हणाला, “नंदुरबारले त्या समुपदेशक बाई शेतस ना, तठे जाऊत एकदाव.”

नंदुरबारच्या कोकिळा मॅडमनी आधी रिनाशी गप्पा मारल्या, मग तिला चित्र रंगवायला बाहेर बाकावर बसवलं आणि दाराचा पडदा सोडला. चेतनाने सगळं सांगितलं. सांगता सांगता तिने पदराने डोळे पुसले.

“लोक मुलं त्रास देतात म्हणून येतात,” ती म्हणाली. “मी उलटं सांगतेय. तुम्हाला वेडेपणा वाटेल.”

“मुळीच नाही,” मॅडम म्हणाल्या. “तिला अजून वाटतंय, आपण चुकलो तर परत पाठवतील. म्हणून ती चुकतच नाही. मूल हट्ट कुठे करतं? जिथे आपल्याला कोणी हाकलणार नाही अशी खात्री असते तिथे. ज्या दिवशी ही ताट ढकलेल, तुमच्यावर ओरडेल, त्या दिवशी समजा, ही तुमची झाली. तोवर धीर धरा.”

“धीरच संपलाय हो,” चेतना म्हणाली.

परतताना स्टेशनवर एक लहान पोरगा फुग्यासाठी फरशीवर आडवा पडला होता. टाचा आपटत होता. त्याची आई दोन धपाटे घालून शेवटी फुगा घेत होती. रिना थांबून बघत राहिली. गाडी आली तरी तिची नजर तिकडेच.

“तुला हवाय का फुगा?” चेतनाने आशेने विचारलं.

“नको आई.”

गाडीत योगेंद्रला डुलकी लागली. खांडबारा स्टेशन गेलं. रिनाने चेतनाच्या हातावर हात ठेवला.

“आई, तू दमलीस का?”

“थोडीशी.”

रिना खिडकीबाहेर बघत बसली.

पुढचे दिवस तसेच गेले. पेला पालथा, चपला जोडीने भिंतीशी. चेतनाने वाट बघणंही सोडून दिलं.

रविवारी दुपारी सगळे जेवायला बसले होते. धनुबाईंनी रिनाच्या ताटात कारलं वाढलं. रिनाने ताटाकडे पाहिलं. चेतनाकडे पाहिलं. आणि दोन्ही हातांनी ताट ढकललं. भात, वरण, भाजी, सगळं फरशीभर.

“माले नही खानं!” ती किंचाळली. “नही खानं! नही खानं!”

ती फरशीवर आडवी पडली, टाचा आपटू लागली. चेहरा लालबुंद.

“काय व्हयनं वं पोर, येडी व्हयनी का?” घाबरलेल्या धनुबाईंच्या तोंडून पहिल्यांदाच तिच्याशी अहिराणी निघाली.

“राहू द्या, आत्याबाई! रडू द्या तिले!” सासूला असं म्हणत चेतना उठून उभी राहिली होती. हसत होती आणि डोळे वाहत होते. तिने खरकट्या हातानेच कोकिळा मॅडमना फोन लावला. “मॅडम, तिनं ताट ढकललं! ओरडली माझ्यावर! आमच्या भाषेत ओरडली!”

योगेंद्रने रिनाला उचलून पोटाशी धरलं, ओसरीवर नेलं. तो तिची पाठ थोपटत राहिला.

चेतना खाली बसून भात गोळा करू लागली. कित्येक महिन्यांत तिचे खांदे असे हलके झाले नव्हते. तिला वाटलं, आज दुपारी आपण झोपू. निवांत.

थोड्या वेळाने रिना आली. डोळे पुसून, केस सारखे करून. चेतनाच्या शेजारी उकिडवी बसली आणि शितं वेचू लागली.

“राहू दे गं, मी करते.”

रिनाने मागे वळून पाहिलं, कोणी ऐकत नाही ना. मग आवाज अगदी खाली आणून तिने विचारलं,

“आई, त्या मॅडमनी सांगितलं तसं जमलं ना मला?”